वेल्समधले किल्ले: कॉनवीपासून पॉविसपर्यंत

शुक्रवार: कॉनवी

मँचेस्टर सोडलं तेव्हा चक्क ऊन होतं. कॉनवीच्या पुलावर गाडी आली आणि पाऊस आडवा मारायला लागला. वायपरच्या फटीतून किल्ल्याचं पहिलं दर्शन झालं. नदीच्या मुखाशी खडकावर आठ जाडजूड बुरूज आणि त्यांच्या पायथ्याशी एकमेकांना खेटून तीन पूल. त्यातल्या झुलत्या पुलाच्या खांबांनाही टेलफर्डने १८२६ साली बुरुजांचाच घाट दिला आहे. किल्ल्याशेजारी उघडंबोडकं काही शोभणार नाही असं त्याला वाटलं असावं.

"हा कुठल्या राजाचा गं?" आईने विचारलं. तिला वेल्सचा कुठला राजा हे हवं होतं आणि तिथेच गाडं अडलं. कारण ज्या चार किल्ल्यांसाठी लोक उत्तर वेल्सला येतात, ते कॉनवी, कायर्नार्वन, ब्यूमॅरिस आणि हार्लेख, चारही इंग्लंडच्या राजाने बांधलेले आहेत. बांधले ते वेल्श लोकांना दाबून ठेवण्यासाठी. युनेस्कोने १९८६ साली त्यांना जागतिक वारसा ठरवलं, तेही पहिल्या एडवर्डच्या नावानेच. गडावर गेलं की छाती फुगायची आपली सवय इथे गैरसोयीची ठरते. तट बघून "वा!" म्हणावं आणि लगेच आठवावं की हा तट कोणाच्या छाताडावर उभा आहे.

थोडक्यात इतिहास असा. ग्विनेदचा राजा लुवेलिन आप ग्रिफिद ११ डिसेंबर १२८२ रोजी लढाईत मारला गेला आणि त्याचं शिर लंडनला पाठवण्यात आलं. त्याचा भाऊ डाविड पुढच्या वर्षी पकडला गेला आणि श्रूझबरीला हालहाल करून मारला गेला. तो पकडला जाण्याआधीच, १२८३च्या वसंतात, एडवर्डने कॉनवीत पाया खणायला घेतला होता. जागा मोकळी नव्हती. तिथे एक मठ होता आणि त्यात लुवेलिनचे आजोबा, थोरला लुवेलिन, पुरलेले होते. एडवर्डने मठच उचलून नदीच्या वरच्या अंगाला मेनानला हलवला. थोरल्या लुवेलिनची दगडी शवपेटी आज लान्रूस्टच्या चर्चमध्ये आहे आणि त्याचा पुतळा कॉनवीच्या भर चौकात. पुतळ्याच्या डोक्यावर समुद्रपक्षी बसला होता. पुतळ्यांचं नशीब सगळीकडे सारखंच.

किल्ला आणि गावाचा तट मिळून सुमारे १५,००० पौंड खर्च आला आणि १२८७पर्यंत काम बहुतेक उरकलंही. बांधणारा सॅव्हॉयचा स्थपती, मास्टर जेम्स ऑफ सेंट जॉर्ज. बुरुजांच्या बाहेरच्या अंगाला नीट बघा, चौकोनी भोकांची एक रांग तिरकी वर चढत जाते. ती परांचीच्या लाकडांची भोकं. परांची आडवी न बांधता बुरुजाभोवती चक्री उताराने नेली होती, म्हणजे दगड उतारावरून वर ओढत नेता यायचे. मला हे दादाने दाखवलं, आणि त्यानंतर प्रत्येक किल्ल्यावर मी आधी भोकंच शोधत होते.

कॉनवीची खरी गोष्ट मात्र १ एप्रिल १४०१ची. ओवाइन ग्लिंडूर या वेल्श सरदाराचं इंग्रजांविरुद्धचं बंड पेटलेलं होतं. त्या दिवशी गुड फ्रायडे होता आणि किल्ल्यातली बहुतेक शिबंदी गावातल्या चर्चमध्ये प्रार्थनेला गेली होती. ग्लिंडूरचे चुलतभाऊ रीस आणि ग्विलिम आप ट्यूडर यांच्या माणसांपैकी एक जण सुतार बनून दारात आला, कामावर आलोय म्हणाला आणि आत शिरला. राहिलेले पहारेकरी कापले आणि दरवाजा उघडला. इंग्लंडच्या तिजोरीतले हजारो पौंड गिळलेला किल्ला एका सुताराने घेतला! गनिमी कावा हा शब्द त्यांना माहीत नसेल, कावा मात्र पुरता माहीत होता. जूनअखेरपर्यंत किल्ला त्यांच्याकडे होता. या दोघांच्याच एका भावाच्या वंशात पुढे सातवा हेन्री, म्हणजे ट्यूडर घराण्याचा पहिला इंग्लिश राजा, जन्माला आला.

गावाच्या तटावर फिरायला तिकीट नाही. साधारण सव्वा किलोमीटर लांबी, एकवीस बुरूज, आणि फांजीवरून, म्हणजे तटावरच्या वाटेवरून, लोकांच्या परसातली वाळत घातलेली कपड्यांची दोरी दिसते. दक्षिणेकडच्या भिंतीला एका रांगेत बारा शौचकूप बाहेर काढलेत, खाली थेट ओढा. शाळेतल्या मुलांचा एक घोळका तिथे हसून लोळत होता, मास्तर हताश.

*कामाच्या गोष्टी:* सरकारी किल्ले कॅडव ही संस्था सांभाळते. तिचा एक्सप्लोरर पास काढला तर चारही मोठे किल्ले त्यात होतात आणि सुट्या तिकिटांपेक्षा स्वस्त पडतं. बुरुजांचे जिने गोल, अरुंद आणि पावसात निसरडे, चांगली पकड असलेले बूटच घाला. छत्री आणू नका, वारा तिला उलटी करतो. जॅकेटच हवं.

शनिवार: ब्यूमॅरिस

मेनायची सामुद्रधुनी ओलांडून अँगलसी बेटावर. आदल्या दिवसाच्या पावसाचा मागमूस नव्हता. पलीकडच्या किनाऱ्यावर स्नोडनचे डोंगर इतके स्वच्छ दिसत होते की दादाने तीनदा गाडी थांबवली.

ब्यूमॅरिस लांबून निराश करतो. बसका, बुटका, वाटतं कोणी वरचा मजला कापून नेला. तसंच झालंय, फक्त कापला नाही, चढवलाच नाही. १२९४ला माडोग आप लुवेलिन या वेल्श सरदाराने उठाव केला, कायर्नार्वनला इंग्रज शेरीफला लटकवलं, खुद्द एडवर्डला ऐन हिवाळ्यात कॉनवीत कोंडून घातलं. उठाव मोडल्यावर १२९५ला एडवर्डने अँगलसीला अद्दल घडवायला इथे शेवटचा किल्ला सुरू केला. जवळचं लानवाइस हे भरभराटीचं वेल्श बंदर त्यासाठी उठवलं आणि तिथल्या माणसांना बेटाच्या दुसऱ्या टोकाला नवं गाव वसवून तिकडे धाडलं. त्या गावाचं नाव आजही न्यूबरो, म्हणजे नवं गाव. विस्थापितांच्या वसाहतींना नावं ठेवताना सरकारांची कल्पनाशक्ती नेहमीच आटते.

आत गेल्यावर मत बदलतं. पाण्याने भरलेला खंदक, त्याच्या आत बाहेरचा बुटका तट, त्याच्या आत उंच तट, आणि दरवाजे एकमेकांच्या रेषेत मुद्दाम ठेवलेले नाहीत. एक दरवाजा फोडून आत आलात की तिरकं वळावं लागतं आणि तेवढ्या वेळात वरून चहूबाजूंनी बाण. एकात एक तटांची अशी काटेकोर आखणी ब्रिटनमध्ये दुसरीकडे नाही. समुद्राच्या बाजूला गोदी आहे, भरतीला जहाज थेट किल्ल्याच्या दाराशी लागायचं. आतल्या तटाच्या पोटातून जाणारी बोळं अंधारी आणि गार, दर दहा पावलांवर एक जंगी, म्हणजे बाण मारायची फट, तिच्यातून उन्हाची पट्टी.

आणि ते पत्र! फेब्रुवारी १२९६मध्ये मास्टर जेम्सने आपल्या हिशेबनिसासोबत लंडनच्या खजिन्याला लिहिलेलं. एवढा पैसा आठवड्यात जातो कुठे असं तुम्हाला वाटेल, म्हणून कळवतो, अशा सुरात तो यादी देतो: ४०० पाथरवट आणि गवंडी, २,००० बिगारी, खाणीत २०० माणसं, ३० लोहार, सुतार वेगळे. शिवाय दगड आणि कोळसा आणायला १०० गाड्या, ६० छकडे, ३० होड्या. मग मुद्द्यावर येतो: मजुरी थकली आहे, माणसांकडे खायला काही नाही, त्यांना थांबवून ठेवणं अवघड जातंय. ठेकेदार आणि अकाउंट्स खातं यांचा पत्रव्यवहार सव्वासातशे वर्षांत तसूभर बदललेला नाही. दादा बांधकाम कंपनीत आहे, तो पत्राचा मजकूर वाचून इतका खूश झाला की त्याने फोटो काढून ऑफिसच्या ग्रुपवर टाकला.

पैसे पुरेसे आले नाहीतच. एडवर्ड स्कॉटलंडच्या लढाईत गुंतला, काम रखडत १३३०पर्यंत चाललं आणि मग सोडून दिलं. आतल्या दरवाजाच्या दुसऱ्या मजल्यावर शेकोटीची जागा भिंतीत तयार आहे, तिच्यावर छत कधी पडलंच नाही.

जेवण किल्ल्यासमोरच. आई शाकाहारी, त्यामुळे वेल्सला निघताना तिने थालीपिठाची भाजणी बरोबर घेतली होती. ती तशीच परत आली. इथे ग्लॅमॉर्गन सॉसेज नावाचा प्रकार मिळतो. नाव ऐकून आई उठायला निघाली होती, पण त्यात मांस नसतं. चीज, लीक नावाची कांद्याची पात आणि पावाचा चुरा, वळून तळलेलं. तिने दोन प्लेट खाल्ले.

रविवार: डोल्बादार्न आणि कायर्नार्वन

सकाळी मुद्दाम वाट वाकडी करून लान्बेरिसला गेलो. दोन तळ्यांच्या मधे, खिंडीच्या तोंडाशी, टेकाडावर एक एकटा गोल बुरूज. हा डोल्बादार्न, थोरल्या लुवेलिनने तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात बांधलेला. इथे तिकीट नाही, दुकान नाही, दहा मिनिटांची चढण. समोरच्या डोंगराचे डिनोर्विगच्या स्लेटच्या खाणीने पायऱ्या पायऱ्यांनी लचके तोडलेत. त्या खाणी १९६९ला बंद झाल्या.

वर एक आजी कुत्र्याला घेऊन बसल्या होत्या. आमचा अवतार बघून विचारलं कुठून आलात, मग म्हणाल्या, "कायर्नार्वन बघायच्या आधी इथे आलात हे बरं केलंत. बहुतेक लोक आधी तिकडे जातात आणि मग इकडे यायला त्यांच्याकडे वेळ उरत नाही." त्यांचे वडील समोरच्या खाणीत होते. त्यांनीच सांगितलं की इंग्रजांनी डोल्बादार्न घेतल्यावर इथलं लाकूड काढून कायर्नार्वनच्या बांधकामाला नेलं. नंतर फलकावर वाचलं, तेच. राजाच्या वाड्याचे वासे काढायचे आणि त्याच्याच उरावर बसवलेल्या किल्ल्याला लावायचे!

मग कायर्नार्वन बघितलं आणि सांगते, आजींचं खरं आहे, क्रम हाच ठेवा.

कायर्नार्वन अंगावर येतो. बाकीच्या किल्ल्यांचे बुरूज गोल, याचे कोनांचे, आणि भिंतीत गडद दगडाचे आडवे पट्टे. कॉन्स्टँटिनोपलच्या तटाची ही आठवण आहे. जवळच सेगोंटियमचं रोमन ठाणं होतं, आणि रोमन बादशहा मॅक्सेनशी या जागेचं नातं सांगणारी दंतकथा वेल्श लोकांत होती. एडवर्डने जमिनीबरोबर दंतकथाही ताब्यात घेतली. मोठ्या बुरुजाच्या शिरावर दगडी गरुड बसवले, आता झिजून त्यांचे कबुतरांएवढे आकार राहिलेत. मुख्य दरवाजाला पाच दारं आणि सहा सरकते जाळीदार अडसर करायचं ठरलं होतं, पुरं झालं नाही. इथेही पैसा संपला.

दुसरा एडवर्ड इथे २५ एप्रिल १२८४ रोजी जन्मला. "तुम्हाला इंग्रजीचा एक शब्द न येणारा राजपुत्र देतो" असं म्हणून बापाने तान्हं बाळ वेल्श सरदारांपुढे धरलं, ही गोष्ट प्रत्येक गाइड सांगतो. गोष्ट नंतरच्या काळातली आहे. त्या दिवशी बाळाचा मोठा भाऊ अल्फोन्सो जिवंत होता आणि गादीचा वारस तोच होता. धाकट्याला प्रिन्स ऑफ वेल्स केलं ते १३०१ साली. इथे १९११ला आणि १९६९ला पुन्हा राजपुत्रांचे समारंभ झाले. १९६९च्या समारंभाच्या आदल्या रात्री ॲबर्गेलेला दोन वेल्श तरुण स्वतःच्याच बॉम्बच्या स्फोटात मेले. दुकानात समारंभाचे जुने कप विकायला होते.

गंमत संध्याकाळी कळली. तटाच्या आतल्या गल्लीत चहाला बसलो, चहूकडे वेल्शच ऐकू येत होतं. पोरं वेल्शमध्ये भांडत होती, मालकीण वेल्शमध्ये गिऱ्हाइकांना झापत होती. एडवर्डने हे गाव इंग्रज वसाहतकऱ्यांसाठी आखलं होतं, माडोगच्या उठावानंतर तर वेल्श माणसाला अशा तटबंद गावांत राहायलाही बंदी झाली. आज इथे दहातली आठेक माणसं वेल्श बोलतात. चहाबरोबर 'बारा ब्रिथ' नावाचा प्रकार मागवा, सुकामेवा चहात भिजवून केलेला गोड पाव, लोणी लावून.

*कामाची गोष्ट:* गुडघ्यांचा त्रास असणाऱ्यांना घेऊन एकच किल्ला करायचा असेल तर हा करा. किंग्ज गेटमध्ये २०२३पासून वरपर्यंत लिफ्ट आहे. आईने पहिल्यांदाच किल्ल्याच्या माथ्यावरून समुद्र पाहिला आणि अर्धा तास खाली यायला तयार नव्हती.

सोमवार: क्रिकियेथ आणि हार्लेख

क्रिकियेथ हा मूळचा थोरल्या लुवेलिनचा किल्ला, समुद्रात घुसलेल्या टेकाडावर. १४०४ला ग्लिंडूरने तो जाळला. आम्ही पोचलो आणि धुकं इतकं उतरलं की जोडबुरुजांचा दरवाजा तेवढा दिसला. खाली उतरून आइसक्रीम खाल्लं, थंडीत, कारण गावात सगळेच खात होते.

हार्लेख मात्र लख्ख उन्हात मिळाला. मला विचाराल तर चारांतला हाच. सरळसोट कड्यावर बसलेला, आटोपशीर, एक ओळही जास्तीची नाही. खर्च इतरांच्या मानाने कमी, आठ हजार पौंडांच्या आसपास, १२८९पर्यंत पुरा. शिबंदी ठरवली ती मोजक्याच माणसांची: किल्लेदार, तीस शिपाई आणि त्यांतले दहा तिरंदाज, शिवाय एक पाद्री, एक लोहार, एक सुतार, एक गवंडी, असा सगळा संसार. बांधून झाल्यावर मास्टर जेम्सलाच काही वर्षं इथला किल्लेदार नेमलं. आपण बांधलेल्या घराच्या गळतीला तोंड देण्याची वेळ किती आर्किटेक्टांवर येते?

तेव्हा समुद्र कड्याच्या पायथ्याजवळ होता. माडोगच्या उठावात जमिनीची वाट बंद झाली तेव्हा आयर्लंडहून जहाजांनी रसद आणली आणि ती कड्यातल्या जिन्याने वर गेली. आज खाली वाळूच्या टेकड्या आणि गोल्फचं मैदान आहे. जिना अजून आहे. कॅडव सांगते १०८ पायऱ्या. "मग जपच करत उतरते," आई म्हणाली आणि गुडघे विसरून चाळीसपर्यंत गेली. उरलेला जप तिने वरच बसून पुरा केला.

याच किल्ल्याने बाजू बदलली. १४०४ला ग्लिंडूरने तो घेतला, कुटुंब इथे आणलं, दरबार इथे भरवला. जवळपास पाच वर्षं इंग्रजांचा हा किल्ला वेल्श राजधानी होता. १४०९ला उपासमारीने पडला. जावई एडमंड मॉर्टिमर वेढ्यात मेला, बायकामुली कैद झाल्या. ग्लिंडूर निसटला तो कायमचा. तो कोणाला सापडला नाही, कोणी पकडून दिलाही नाही.

हार्लेखच्या तिकीटखिडकीवरच्या पोराला दादाने विचारलं, "तुम्हाला हा किल्ला कोणाचा वाटतो?" तो क्षणभरही थांबला नाही. "ग्लिंडूरचा." बांधणाऱ्याचं नावही त्याने घेतलं नाही.

*कामाच्या गोष्टी:* २०१५ला बांधलेल्या पुलामुळे दरवाजापर्यंत सपाट जाता येतं. किल्ल्याशेजारची फोर्द पेन लेख ही गल्ली २०१९मध्ये जगातली सर्वांत तीव्र उताराची म्हणून गिनीजमध्ये गेली, पुढच्या वर्षी न्यूझीलंडच्या ड्यूनेडिनने मान परत पटकावला. चालत जा, गाडी अजिबात घालू नका. आणि रेल्वेने यायचं असेल तर स्टेशन किल्ल्याच्या अगदी खाली आहे.

मंगळवार: पॉविस

परतीच्या वाटेवर वेल्शपूल. पॉविसचा किल्ला तांबड्या दगडाचा, उतरत्या गच्च्यांच्या बागेवर उभा, ढगांसारखी कातरलेली यूची अजस्र कुंपणं, आणि बागेत मोर. इथले राजे वेल्श होते. ग्रिफिद आप ग्वेन्विन्विनने धाकट्या लुवेलिनच्या खुनाचा कट केला, तो फुटल्यावर इंग्रजांकडे पळाला आणि लुवेलिन हरू लागल्यावर एडवर्डच्या कृपेने आपला मुलूख घेऊन परतला. पुढे त्याच्या मुलाने राजपद सोडून इंग्रज सरदारकी घेतली.

मग १७८४ला या घरात रॉबर्ट क्लाइव्हचा मुलगा एडवर्ड जावई म्हणून आला. तो १७९८ला मद्रासचा गव्हर्नर झाला, पुढच्या मे महिन्यात श्रीरंगपट्टण पडलं आणि टिपू मारला गेला. त्याच्या सिंहासनाचे तुकडे करून लूट वाटली गेली. त्या सिंहासनावरचं रत्नं जडवलेलं सोन्याचं वाघाचं मुंडकं इथे काचेत आहे. मुठीएवढं, दात विचकलेलं. टिपूचा तंबूही आहे, छापील सुती कापड, पांढऱ्यावर फुलांच्या कमानी, रंग अजून ताजे. खोलीतल्या स्वयंसेवक आजोबांनी सांगितलं की पूर्वी तो बागेतल्या चहापार्ट्यांना लावत.

आई बराच वेळ तंबूपुढे उभी होती. "यात आपलेही हात आहेत बरं," ती म्हणाली. १७९२च्या स्वारीत मराठ्यांचे सेनापती हरिपंत फडके इंग्रजांच्या बाजूने श्रीरंगपट्टणापर्यंत गेले होते, हे तिला शाळेत शिकवून चाळीस वर्षं झाली, पण विसरलेली नाही.

गाडीत बसल्यावर दादाने ग्रिफिदला फितूर म्हटलं. आईला ते पटेना. डोल्बादार्नच्या भिंती उरल्या आणि फितुराच्या घरात मोर फिरतायत, हे ती कबूल करत होती, पण शेजारच्या लुवेलिनने आधी त्याचा मुलूख गिळला नव्हता का, असा तिचा सवाल. दादा म्हणे, म्हणून शत्रूला घरात घ्यायचं? इंग्लंडची हद्द लागली, ऑस्वेस्ट्री मागे पडलं, तरी दोघं तिथेच होती. मी मागच्या सीटवर उरलेले वेल्श केक संपवले.

*शेवटची कामाची गोष्ट:* पॉविस नॅशनल ट्रस्टचं आहे, कॅडवचा पास इथे चालत नाही. बागेला दोन तास वेगळे ठेवा, आणि टिपूची खोली आधी करा, दुपारनंतर तिथे रांग लागते.